‘कालरेख’ यंत्राच्या खोट्या नोंदींबाबत तक्रार

प्रति,
ग्राहक तक्रार अधिकारी,
‘कालरेख’ उत्पादक कंपनी

विषय : कालप्रवाह वाचणारं ‘कालरेख’ यंत्र सदोष असल्याबाबत, पैसे परत मिळण्याबाबत व अहवालातली ‘गळती’ची नोंद रद्द करण्याबाबत.

महोदय,

सोलापूरला अक्कलकोट रोड एमआयडीसीत माझा चादरी आणि टॉवेलचा यंत्रमाग कारखाना आहे. ‘जागेवरचा काळ कुठे वाहतो, कुठे साचतो, कुठे गळतो याचा नकाशा’ असं तुमच्या माहितीपत्रकात वाचून मी हे यंत्र पूर्ण पैसे मोजून ऑनलाइन घेतलं. तुमच्या माणसाने सांगितलं तसंच ते मागांच्या रांगेत मधोमध बसवलं. त्याने काढलेले नकाशे खोटे आहेत, आणि त्या नकाशांवरून तुम्ही मला पाठवलेला सल्ला अन्यायाचा आहे.

आधी खोटेपणाचं. यंत्र ‘जागेवरचा’ काळ वाचतं म्हणता, तर त्याने मध्यान्ह सोलापूरची दाखवायला हवी. आपली प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची. सोलापूर आहे ७५.९ अंशांच्या आसपास. एका अंशाला चार मिनिटं धरली तर आमचा सूर्य घड्याळाच्या सुमारे २६ मिनिटं मागे चालतो. त्यात ऋतूप्रमाणे फरक पडतो : फेब्रुवारीच्या मध्याला सूर्य १२ वाजून ४० मिनिटांच्या सुमारास डोक्यावर येतो, नोव्हेंबरच्या सुरुवातीला १२ वाजून १० मिनिटांच्या सुमारास. मे महिन्यात शून्य सावलीच्या दिवशी कारखान्याच्या अंगणात लोखंडी पाइप ओळंब्यात उभा केला. १२ वाजून २३ मिनिटांच्या सुमारास त्याची सावली बुडाशी नाहीशी झाली. सगळे कामगार बघायला बाहेर आले होते. तुमच्या नकाशावर मात्र मध्यान्हीची रेघ बरोबर १२ वर, आणि रोज तिथेच. म्हणजे यंत्र इथलं काही वाचत नाही, मोबाइलच्या नेटवर्कवरून वेळ उचलतं. घरोघरी भिंतीवर असणारं दाते पंचांग ज्या सोलापुरातून निघतं, तिथल्या गिऱ्हाइकाच्या हे लक्षात येणार नाही असं तुम्हाला वाटलं तरी कसं?

दुसरं, पोटमाळ्याचं. तिथे आम्ही सुताचे कोन ठेवतो. तुमचा नकाशा सांगतो की तिथे खालच्यापेक्षा दिवसाला ९ मिनिटं जादा वाहतात. उंचीवर काळ किंचित भरभर चालतो हे खरंच आहे. २०१० साली अमेरिकेत बोल्डरच्या प्रयोगशाळेत शास्त्रज्ञांनी अणुघड्याळ फक्त ३३ सेंटिमीटर वर उचलून तो फरक मोजला. पण तीन मीटर उंचीला हा फरक अख्ख्या वर्षात सेकंदाच्या दहा कोटीव्या भागाएवढा भरतो. तुमची ९ मिनिटं आली कुठून, याचा लेखी खुलासा करावा.

आता मुख्य मुद्दा. हा नसता, तर मी नुसते पैसे परत मागून गप्प बसलो असतो.

ताण्याचा, म्हणजे उभा, धागा तुटला की माग थांबतो. विणकर वाकून शेकडो धाग्यांतून तुटलेलं टोक हुडकतो, बोटांनी पीळ देऊन गाठ मारतो, वहीच्या (ताण्याचे धागे वर-खाली करणाऱ्या चौकटीच्या) डोळ्यातून ओवतो, मग फणीच्या (धागे अंतराअंतरावर ठेवणाऱ्या कंगव्यासारख्या भागाच्या) त्याच घरातून पुढे काढतो. घर चुकलं तर चादरीवर पट्टा उमटतो आणि माल दुय्यम ठरतो. एवढं नजरेचं आणि बोटांचं काम कारखान्यात दुसरं नाही. तुमच्या नकाशावर हा सगळा वेळ पांढरा आहे आणि खाली शिक्का ‘गळती’चा. नंतर मी रात्री एक माग सूत न भरता नुसताच धडधडत ठेवला. नकाशावर गडद निळा, ‘उत्तम प्रवाह’! यंत्र काळ नाही, मागाचा आवाज मोजतं.

आमच्या सर्वांत जुन्या विणकराने तो नकाशा हातात घेतला, स्वतःचा माग शोधला आणि विचारलं, “मालक, ह्यात माझं काम कुठंय?” त्यांना द्यायला माझ्याकडे उत्तर नव्हतं. उत्तर तुम्ही द्यायचं आहे.

त्यावर तुमच्या मासिक अहवालात शिफारस अशी, की गळतीच्या प्रमाणात मजुरीत कपात करावी. आमच्याकडे मजुरी नगावर असते. माग थांबला की विणकराचं नुकसान आधीच होतं. त्यात धागा तुटतो तो बहुतेक वेळा सूत हलकं असल्यामुळे, आणि सूत मी आणतो, तो नाही. ही कपात मी केलेली नाही, करणारही नाही. पण तुमचं यंत्र ज्यांनी घेतलंय त्यांच्यातल्या एकाने जरी तुमच्या शिफारशीवर विश्वास ठेवला, तरी कुणाच्या तरी घरच्या बाजारहाटाला कात्री लागेल. मला झोप लागत नाही ती याने.

तेव्हा यंत्र परत नेऊन पूर्ण रक्कम द्यावी. माझ्या कारखान्याचे सर्व अहवाल रद्द केल्याचं लेखी कळवावं. आणि मागावरच्या हातकामाला ‘गळती’ ठरवणारी मोजणी सर्वच ग्राहकांच्या यंत्रांतून काढून, तसं त्यांना कळवावं. ही शेवटची मागणी पैशांच्या बदल्यात सोडायला मी तयार नाही.

यंत्र ऑनलाइन घेतलेलं असल्याने तक्रारीची पोच ४८ तासांत आणि निवारण एका महिन्यात होणं नियमाने बंधनकारक आहे. तसं न झाल्यास ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे सोलापूरच्याच जिल्हा ग्राहक आयोगात दाद मागेन. साक्षीला कारखान्यातले विणकर येणार आहेत.

सोबत : खरेदीची पावती, मासिक अहवाल, रिकाम्या मागाचा नकाशा, शून्य सावलीच्या दिवशीची छायाचित्रं.

आपला,
एक यंत्रमाग कारखानदार,
अक्कलकोट रोड एमआयडीसी, सोलापूर