प्रेक्षक शोधणारी ग्रेसी

प्रिय नंदू,

तुझ्या पत्राचं उत्तर लांबलं, कारण आठवडाभर मी एकच फिल्म पुन्हापुन्हा बघतोय. जेमतेम आठ मिनिटांची, १९२९ सालची 'लॅम्बचॉप्स'. जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन ही नवरा-बायकोची जोडी. अमेरिकेत तेव्हा व्हॉडव्हिल चालायचं, म्हणजे एकाच तिकिटात गाणी, नाच, कसरती, नकला. त्यात ही दोघं गावोगाव फिरायची.

बोलपट नुकते आले होते. व्हायटाफोन ही छोटे बोलपट काढणारी कंपनी आवाज तबकडीवर मुद्रित करायची. फ्रेड ॲलन हा विनोदी नट आजारी पडला, म्हणून या दोघांना आयत्या वेळी ब्रुकलिनच्या स्टुडिओत बोलावलं. त्यांचा प्रवेश रस्त्याच्या कोपऱ्यावरचा, आणि इथे नेपथ्य दिवाणखान्याचं! हसायला समोर कोणीही नाही. ग्रेसी आत येते आणि इकडेतिकडे, वस्तूंच्या आड काहीतरी शोधू लागते. काय शोधतेस, असं जॉर्ज विचारतो. ती म्हणते, प्रेक्षक. तो कॅमेऱ्याकडे बोट दाखवतो.

मी तिथेच फिल्म थांबवली. आपली पहिली रंगीत तालीम आठवली, त्या रिकाम्या खुर्च्या आठवल्या. माझी बोबडी वळली होती आणि तू पुढचा प्रश्न हळूच दोनदा विचारला होतास.

सुरुवातीला विनोद जॉर्जकडे होते आणि ग्रेसी नुसते प्रश्न विचारायची. पण लोक तिच्या प्रश्नांनाच हसायचे. जॉर्जने ते ओळखलं आणि सगळे हशे तिला देऊन टाकले. स्वतः प्रश्न विचारत उभा राहिला. नंदू, हे किती नटांना जमेल? मला तर जमलं नसतं.

पुढे पॅरामाउंटसाठी छोट्या फिल्म केल्या, मग मोठे चित्रपट. त्यातला १९३७ चा 'अ डॅमझल इन डिस्ट्रेस' तू बघच. फ्रेड ॲस्टेअर या नावाजलेल्या नर्तक-नटाबरोबर ही दोघं कपडे झटकायचे ब्रश हातात घेऊन नाचतात. तो नाच व्हॉडव्हिलमधला जुना, जॉर्जनेच तिथे आणलेला. ॲस्टेअरच्या शेजारी ग्रेसी कुठेही कमी पडत नाही. लहानपणी हात भाजल्यामुळे ती कायम लांब बाह्या घालायची, हे कळल्यापासून माझी नजर आधी तिकडेच जाते.

१९३९ नंतर दोघं एकत्र चित्रपटात दिसली नाहीत. रेडिओ आणि नंतर टीव्हीने त्यांना उचलून धरलं. १९६४ मध्ये ग्रेसी गेली. दहा वर्षांनी जॉर्जचा जिवलग मित्र जॅक बेनीही गेला. त्याच्यासाठी ठरलेली 'द सनशाइन बॉइज'मधली म्हाताऱ्या व्हॉडव्हिल नटाची भूमिका जॉर्जकडे आली आणि ऐंशीव्या वर्षी त्याला ऑस्कर मिळालं. पहिली फिल्म आजारी माणसाच्या जागी, आणि ही मित्राच्या जागी. ते बक्षीस हातात घेताना त्याला काय वाटलं असेल, याचा विचार माझ्या मनातून जात नाही.

आपल्या एकांकिकेची वही अजून माझ्याकडे आहे. तुझे सगळे प्रश्न तुझ्याच अक्षरात आहेत. दिवाळीला आलास की ती काढू, आणि या वेळी उत्तरं तू दे.

तुझा,
अवि