पिंगुळीच्या चित्रकथीला रविवारचं अर्धं पान द्या

महोदय,

जपानी कार्टूनांनी मुलं बिघडली, अशी तक्रार करणारी पत्रं अलीकडे आपल्या सदरात वाचली. वेंगुर्ल्याच्या आसपासच्या शाळांत मी नोकरीभर चित्रकला शिकवली, म्हणून हे लिहिते. डोंगर, सूर्य आणि एक माड काढून मोकळी होणारी मुलं नारुतो या जपानी कार्टूनमधल्या नायकाच्या हाताची बोटं जमेपर्यंत मधल्या सुट्टीतही जागची हललेली नाहीत, हे मी पाहिलंय. धावत्या माणसाचा तोल, कपड्याच्या चुण्या ती मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, बघून शिकली. त्यांना ओरडायचं कशासाठी?

मला खंत आहे ती वेगळी. या मुलांना पाण्यात ओढणारं जपानी भूत, कप्पा, ठाऊक आहे; तसाच आपल्या कोकणातला गिऱ्हा नाही.

कप्पासारखी भुतं जपानी मुलांच्या घराघरांत नेली मांगा चित्रकार शिगेरू मिझुकी यांनी. जन्म १९२२चा, बालपण साकाइमिनातो या बंदरात. मालवणसारखंच मासळीवर जगणारं गाव, खेकड्यांसाठी नावाजलेलं. लहानपणी एका म्हातारीने त्यांना भुताखेतांच्या गोष्टी सांगितल्या. महायुद्धात डावा हात गेला, तरी उरलेल्या हाताने त्यांनी ती भुतं कागदावर उतरवली. १९९३पासून गावाने रस्त्याच्या कडेला त्या भुतांचे ब्राँझचे पुतळे बसवायला सुरुवात केली. पुढे ते १७७ झाले. गावाला जाणाऱ्या रेल्वेच्या डब्यांवरही तीच चित्रं आहेत आणि माणसं ती बघायला लांबून येतात.

हेच मिझुकी आधी कामिशिबाईची चित्रं काढून पोट भरत. सायकलवर लाकडी चौकट बांधून गोष्टीवाला गल्लीत यायचा, पोरांना गोळ्या विकायचा आणि एकेक चित्र सरकवत गोष्ट सांगायचा. टीव्ही आला, हा धंदा बसला, तेव्हा त्यातले कितीतरी चित्रकार मांगाकडे वळले. आता आपल्या कुडाळजवळची पिंगुळी आठवा. पोथीतलं एकेक चित्र समोर धरून, वाद्यांच्या साथीने रामायण-महाभारतातली आख्यानं सांगणारी ठाकरांची चित्रकथी. कलेची जात तीच. तिथले चित्रकथी कलावंत परशुराम गंगावणे यांना २०२१मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा आम्हा साऱ्यांचा ऊर भरून आला. पण कामिशिबाईच्या चित्रकारांना छापील पान मिळालं, ते पिंगुळीला अजून मिळालेलं नाही.

ते पान आपण द्यावं, एवढीच विनंती. रविवारच्या पुरवणीत अर्धं पान, दर आठवड्याला पुढे सरकणारी चित्रकथा. चित्रं सिंधुदुर्ग-रत्नागिरीच्या मुलांची, मार्गदर्शन पिंगुळीच्या कलावंतांचं, संवाद खुशाल मालवणीत. देवचार येऊ दे, गिऱ्हा येऊ दे. आरवलीचा वेतोबा रात्री गावाची राखण करत फिरतो आणि भक्त त्याला भल्यामोठ्या चपला वाहतात. ही गोष्ट कुठल्याही मुलाला खिळवून ठेवेल. फक्त ती श्रद्धेने मांडावी, देवाची थट्टा होऊ नये.

आणि चित्राचे पैसे द्यावेत, मुलांनासुद्धा. जपानच्या ॲनिमेशनमध्ये तरुण चित्रकार तुटपुंज्या मोबदल्यावर रात्री जागवतात, हे सर्वांना माहीत आहे. त्यांचं ते घेऊ नये.

माझे काही माजी विद्यार्थी गिऱ्ह्याची पहिली गोष्ट काढायला तयार आहेत. पानाचं माप कळवावं, म्हणजे कामाला लागतो.

– एक निवृत्त चित्रकला शिक्षिका, वेंगुर्ले