डोलोरेस ओरिऑर्डन यांच्याविषयी मराठीत लिहावे

संपादक महोदय,

नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये २०१९ साली आयर्लंडचा 'यूटू' आणि २०२५ साली 'कोल्डप्ले' हे बँड येऊन गेले. हे संगीत आता आपल्या शहरात येत असताना, ते घडवणाऱ्या कलावंतांविषयी मराठीतून सविस्तर लेखन व्हावे, असे मनापासून वाटते. सुरुवात 'द क्रॅनबेरीज' या आयरिश रॉक बँडच्या गायिका-गीतकार डोलोरेस ओरिऑर्डन यांच्यापासून करावी.

१९७१ साली आयर्लंडमधील लिमरिकजवळच्या बॅलीब्रिकन या खेड्यात जन्मलेल्या आणि चर्चच्या गायनवृंदात तयार झालेल्या डोलोरेस १९९० मध्ये लिमरिकच्या तीन तरुणांच्या या बँडमध्ये दाखल झाल्या. त्यांची सुरुवातीची गाणी प्रेमभंगाची आणि हळवी होती. मार्च १९९३ मध्ये इंग्लंडमधील वॉरिंग्टन येथे आयआरए या आयरिश सशस्त्र संघटनेच्या बॉम्बस्फोटांत तीन आणि बारा वर्षांची दोन मुले मृत्युमुखी पडली, तेव्हा मात्र त्यांनी एकटीने 'झॉम्बी' हे गाणे रचले. आणि कर्कश गिटारींवर स्वार होणारा, मध्येच मुद्दाम फुटणारा त्यांचा आवाज एखाद्या आईच्या आक्रोशासारखा जगभर पोहोचला. हिंसा करणारे आपल्या नावाने बोलत असले तरी आपण त्यांच्यात नाही, हे एका आयरिश तरुणीने इतक्या स्पष्टपणे सांगणे मला फार मोलाचे वाटते.

जानेवारी २०१८ मध्ये, अवघ्या सेहेचाळिसाव्या वर्षी, लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. त्यांनी आधी ध्वनिमुद्रित करून ठेवलेल्या गायनावर सहकाऱ्यांनी २०१९ मध्ये बँडचा अखेरचा अल्बम पूर्ण केला. आपल्या रविवार पुरवणीत त्यांच्यावर एक दीर्घ लेख प्रसिद्ध करावा, ही विनंती.

– एक वाचक, नेरुळ, नवी मुंबई