अरिस्टार्कसवरचा ‘खटला’

महोदय,

रविवार पुरवणीतल्या लेखात सूर्यकेंद्री विश्वाच्या कल्पनेचा मान सरसकट कोपर्निकसला दिला होता. त्यावर गुरुवारच्या अंकात एका वाचकांनी सामोसच्या अरिस्टार्कसची आठवण करून दिली, हे उत्तमच झाले. पण ‘ग्रीकांनी त्याच्यावर खटला भरला आणि त्याचे ग्रंथ जाळले’ हे त्यांचे वाक्य खटकले, म्हणून हा पत्रप्रपंच.

अरिस्टार्कस इ.स.पू. तिसऱ्या शतकातला. सूर्य स्थिर असून पृथ्वी त्याच्याभोवती फिरते, असे त्याने मांडले होते, हे आपल्याला कळते ते आर्किमिडीजमुळे. विश्व भरायला वाळूचे किती कण लागतील, असा एक अफाट हिशेब आर्किमिडीजने गेलॉन राजासाठी लिहिला. त्यात अरिस्टार्कसच्या या मताचा उल्लेख येतो. अरिस्टार्कसचा मूळ ग्रंथ हरवला. जाळला म्हणायला मात्र काही आधार नाही. त्या काळचे बहुतेक ग्रंथ कोणी नक्कल करून ठेवली नाही म्हणूनच गेले. खटल्याची गोष्ट येते प्लूटार्क या ग्रीक लेखकाकडून, तीही तीनशेहून अधिक वर्षांनी. चंद्रावरच्या त्याच्या संवादात एक पात्र हसत म्हणते, की विश्वाची चूल (म्हणजे मधोमध मानलेली पृथ्वी) जागची हलवली म्हणून ग्रीकांनी अरिस्टार्कसवर खटला भरावा असे क्लिअँथीस या तत्त्वज्ञाला वाटे, तसे तुम्ही आमच्यावर भरू नका म्हणजे झाले! ‘भरावा असे वाटे’ याचे ‘भरला’ कधी झाले कोण जाणे.

अरिस्टार्कसचा एक छोटा ग्रंथ मात्र उरला आहे. त्यात सूर्यकेंद्राचा शब्द नाही, आहे ती सूर्य-चंद्राच्या आकाराची आणि अंतराची मोजणी. चंद्र बरोबर अर्धा दिसतो तेव्हा पृथ्वी, चंद्र आणि सूर्य यांच्या त्रिकोणात चंद्रापाशी काटकोन होतो. मग पृथ्वीवरून सूर्य आणि चंद्र यांच्यातला कोन मोजला, की अंतरांचे गुणोत्तर हाती. त्याने हा कोन ८७ अंश धरला आणि सूर्य चंद्राच्या १८ ते २० पट दूर असल्याचे सिद्ध केले. खरा कोन ८९ अंश ५१ मिनिटांच्या आसपास आहे आणि खरे अंतर सुमारे ३९० पट. मी शाळेत भूमिती शिकवायचो तेव्हा अष्टमीच्या संध्याकाळी मुलांना गच्चीवर नेऊन हा प्रयोग करून पाहिला होता. कोन मोजण्यापेक्षा चंद्र नेमका अर्धा कधी झाला हे ठरवण्यातच सगळे अडते. उजेड-अंधाराची रेघ तासन् तास सरळच भासते आणि तेवढ्यात चंद्र ताशी अर्धा अंश पुढे सरकत राहतो. तीन अंशांची ही चूक म्हणजे फार तर सहा तासांचा फरक!

चूक असली तरी तिच्यातूनही सूर्य पृथ्वीच्या सहा-सात पट रुंद निघाला. एवढ्या मोठ्या गोळ्याने लहानशा पृथ्वीभोवती का फिरावे, हा प्रश्न त्याला तिथेच पडला असावा. हा माझा तर्क, तसे त्याने लिहिलेले सापडत नाही.

मग ग्रीकांनी त्याचे का ऐकले नाही? केवळ कर्मठपणा म्हणून नव्हे. अंगठा डोळ्यांसमोर धरून एकेक डोळा मिटला की तो मागच्या भिंतीवर सरकल्यासारखा दिसतो. पृथ्वी खरेच फिरत असेल तर सहा महिन्यांत जवळचे तारेही असे सरकायला हवेत. ते सरकताना दिसत नव्हते. तारे अतोनात दूर आहेत, हे अरिस्टार्कसचे उत्तर बरोबर होते, पण पडताळायचे कसे? हे सरकणे, म्हणजे पराशय, बेसेल या जर्मन खगोलज्ञाने मोजून दाखवला तो १८३८ साली, तोही एका अंशाच्या दहा-बारा हजाराव्या भागाएवढा. नुसत्या डोळ्यांनी पाहणाऱ्या माणसाने पृथ्वी स्थिर मानली, यात मला तरी मूर्खपणा दिसत नाही. सेल्युकस नावाच्या खगोलज्ञासारख्या (चंद्रगुप्ताच्या वेळचा राजा नव्हे) एखाद्याने पुढे त्याची बाजू घेतलीही.

गुरुवारच्या त्याच पत्रात आर्यभटालाही सूर्यकेंद्री म्हटले आहे. नावेतल्या माणसाला काठ मागे जाताना दिसतो, या दाखल्याने आर्यभटाने पृथ्वी स्वतःभोवती फिरते असे सांगितले. सूर्याभोवती नव्हे.

आणि कोपर्निकसला अरिस्टार्कस ठाऊक नव्हता असेही नाही. त्याच्या हस्तलिखितात ते नाव आहे. १५४३च्या छापील ग्रंथातून तो मजकूर गळला. पुरवणीत शुद्धिपत्र छापणार असाल तर खटल्याचे वाक्यही त्यात घ्यावे, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त गणित शिक्षक, मिरज