जिजाई करणाऱ्या गौरीबाईंसाठी मदत हवीय

नमस्कार मंडळी,

'संत तुकाराम' सिनेमा दाखवायच्या आपल्या कार्यक्रमाला तीन आठवडे राहिलेत आणि हातात निम्मेच पैसे आहेत, म्हणून घाईघाईत लिहितोय, चूकभूल सांभाळून घ्या.

१२ डिसेंबरला आपल्या पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीच्या 'संत तुकाराम'ला ९० वर्षं होतायत. दामले-फत्तेलाल या दिग्दर्शकांचा हा सिनेमा मुंबईत सेंट्रल टॉकीजला वर्षभराहून जास्त चालला, १९३७ ला व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याचा गौरव झाला, हे तुम्हाला मी काय सांगणार. तुकोबा म्हटलं की आजही विष्णुपंत पागनीसच डोळ्यापुढे येतात. पण त्यांची बायको जिजाई कोणी केली विचारलं की आपल्या वाचनालयातसुद्धा सगळे गप्प. गौरी! नुसतं गौरी, पुढे आडनाव नाही. स्टुडिओत किरकोळ कामं करणारी बाई, आणि आजारी पोराला ओढत देवळात नेऊन हातात वहाण घेऊन विठोबाला जाब विचारते तेव्हा ती नटी आहे हे विसरायलाच होतं, आपल्या शेजारची कावलेली बाईच वाटते. तिच्याशिवाय पागनीसांचा तुकोबा इतका खरा वाटलाच नसता, हे माझं ठाम मत.

आपण प्रभातचाच 'अयोध्येचा राजा' दाखवला तेव्हा मांडववाल्या काकांनी पडद्याचं एक पैसा भाडं घेतलं नाही, वर रात्री दीडपर्यंत थांबून खुर्च्याही मोजल्या. शाळेतल्या आपल्या जुन्या बाईंनी पेन्शनमधले ५०१ रुपये रुमालाची गाठ सोडून हातावर ठेवले, आता बाई नाहीत. आणि कोपऱ्यावरच्या आजोबांनी 'तुकाराम'ची गाण्यांची चोपडी दिली, पिवळी पडलेली, 'आधी बीज एकले'पुढे पेन्सिलीची खूण (ते गाणं शांताराम आठवल्यांचं, तुकोबांचा अभंग नाही, हे त्याच दिवशी कित्येकांना कळलं). ती चोपडी काचेत ठेवायचीय. या तिघांचं ऋण कसं फेडणार.

गेल्या वर्षीच्या आवाहनाला मात्र अंगठे भरपूर आले आणि खुर्च्या लावायला माणसं सात. वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. त्यातले तिघे पंच्याहत्तरीचे होते.

तर खर्च असा की प्रोजेक्टर, साउंड, खुर्च्या, सिनेमा दाखवायची परवानगी, गौरीबाईंच्या फोटोंच्या फ्रेमा सगळं मिळून ३८ हजार, जमलेत १९, रोख किंवा चेक कोषाध्यक्षांकडे वाचनालयात रोज संध्याकाळी ६ ते ८, पावती लगेच, शनिवारी १२ तारखेला ७ वाजता मागच्या पटांगणात, चटई घरून आणली तर खुर्च्यांचं भाडं वाचेल. पैसे नसतील तर कोणाच्या माळ्यावर प्रभातचे जुने फोटो, चोपड्या असतील त्या द्या, स्कॅन करून दोन दिवसांत परत. घरात कोणी आजी-आजोबा गौरीबाईंना पाहिलेले, ऐकलेले असतील तर मला नुसता निरोप पाठवा, मी स्वतः वही घेऊन येतो.

साउंडवाल्याला रविवारी ॲडव्हान्स द्यायचाय, त्याआधी कळवा.

आपला,
सचिव