बॅरन बेटाच्या बातमीला भलताच फोटो

मा. संपादक,
स.न.

अंदमानच्या बॅरन बेटावरच्या ज्वालामुखीची बातमी आपल्या पेपरात आली ते बरं झालं, पण सोबतच्या फोटोत लाव्हा डांबरी रस्त्यावरून वाहतोय आणि बाजूला घरं दिसायलीत. बॅरनवर रस्ता कुठला आणि घर कुठलं, तिथं माणूसच राहत नाही, आहेत त्या रानटी झालेल्या शेळ्या. त्यात हेडिंग 'भारतात ज्वालामुखी जागा झाला', मग काय, दुपारपर्यंत आमच्या उचगावच्या ग्रुपवर मेसेज फिरायला लागला की बेळगावचा काळा दगडपण ज्वालामुखीचाच, म्हणजे आता आपला नंबर.

दगड ज्वालामुखीचा आहे हे खरं. आमच्याकडं विहीर खणताना लाल माती आणि जांभा संपला की काळा दगड लागतो, त्यात बारीक बारीक भोकं असतात, ती लाव्हा थंड होताना आत अडकलेल्या गॅसच्या बुडबुड्यांची, आणि काही भोकांत पांढरे खडे बसलेले असतात. पण हा लाव्हा साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून आला, तो कारखाना कधीच बंद पडलाय. बॅरनचं काम वेगळं. तिथं भारताची प्लेट, म्हणजे पृथ्वीच्या कवचाचा अवाढव्य तुकडा, शेजारच्या बर्मा प्लेटच्या खाली घुसायली आहे, सोबत पाणी घेऊन जाते, त्या पाण्यानं खालचा तापलेला खडक कमी तापमानातच वितळतो आणि वर येतो. बेट समुद्रातून साडेतीनशे मीटर वर दिसतं, पण तळापासून मोजलं तर दोन किलोमीटरच्या वर डोंगर पाण्यातच आहे. १७८७ ला उद्रेकाची पहिली नोंद, पुढं काही दशकं अधूनमधून उद्रेक, मग दीडेकशे वर्षं जवळजवळ गप्प, आणि १९९१ पासून अधूनमधून चालूच, त्यामुळं आता 'जागा झाला' म्हणायला तो एवढ्यात झोपला होता कधी?

आणि खरा धोका लाव्हाचा कमीच, असं माझं मत. २०१९ च्या डिसेंबरात न्यूझीलंडच्या व्हाकारी या ज्वालामुखी बेटावर ४७ जण होते, बहुतेक टुरिस्ट, २२ जण दगावले, आणि लाव्हा बाहेरसुद्धा आला नव्हता, जमिनीतलं पाणी तापून वाफेचा स्फोट झाला. त्याच्या आदल्या वर्षी इंडोनेशियात अनाक क्राकाताऊ ज्वालामुखीची एक बाजू रात्री समुद्रात ढासळली, त्सुनामी आली, चारशेच्या वर माणसं मेली. तिथली वॉर्निंग भूकंपावर चालायची आणि मोठा भूकंप झालाच नव्हता, मग वॉर्निंग कुठनं येणार. हे सोडून आपल्या बातमीत खाली चौकट काय, तर बोटीतनं बॅरन कसं बघायचं. लांबनं बघायला हरकत नाही, पण जवळ का जायचं नसतं तेपण छापा की.

गोव्याला दोनापावलात राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे, आपल्यापासून किती लांब, चोर्ला घाटातनं तीनेक तास. तिथल्याच शास्त्रज्ञांनी २०१७ च्या जानेवारीत बोटीवरनं बॅरन उसळताना बघितला, दिवसा नुसता राखेचा ढग आणि अंधार पडल्यावर लाल लाव्हाचे फवारे. त्यांच्यापैकी कुणाकडून रविवारच्या पुरवणीला एक लेख लिहून घ्या, पोरं वाचतील. आणि तो फोटो तेवढा बदला, ऑनलाइन अजून तोच दिसायलाय.

आपला,
एक वाचक, उचगाव (ता. बेळगाव)