सोनेरी वेष्टनातला गळा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

रविवारच्या पुरवणीतला रॅप संगीतावरचा लेख वाचला. 'गाड्या, घड्याळं आणि पैशाचा माज' अशी या गाण्यांची बोळवण करताना लेखकानं जे-झी आणि कान्ये वेस्ट या अमेरिकन रॅपरांच्या 'वॉच द थ्रोन' (२०११) या अल्बमलाही त्याच पंगतीत बसवलं. ते फार लागलं, म्हणून हे पत्र.

थाट आहे, तो मी नाकारत नाही. 'लक्झरी रॅप' हे नाव कान्येनं स्वतःच 'ओटिस' या गाण्यात घेतलं आहे. पण हेच गाणं हेडफोन लावून ऐकावं. सुरुवातीला ओटिस रेडिंग हा जुना अमेरिकन सोल गायक गातो, १९६६ सालच्या ध्वनिमुद्रणातला आवाज, निवांत आणि आर्जवी. मग त्याचेच हुंकार, अर्धेमुर्धे शब्द कापून त्यांचं आवर्तन बांधलं जातं आणि त्यावर हे दोघे आळीपाळीनं सुटतात. ध्रुवपद नाहीच. अवघ्या २६व्या वर्षी विमान अपघातात गेलेल्या गायकाचा गळा, माझ्या मते या गाण्यातला सगळ्यांत मौल्यवान ऐवज तोच.

याच अल्बममधल्या 'न्यू डे'मध्ये नीना सिमोन या गायिकेच्या सुरांवर दोघेही अजून न जन्मलेल्या मुलाशी बोलतात. ज्याला स्वतःचा बाप सोडून गेला, तो जे-झी मुलाला वचन देतो, की मी तुला सोडणार नाही. हे ऐकताना माझा तरी गळा दाटतो.

आणि 'मर्डर टू एक्सलन्स' हे गाणं! पहिल्या भागात कृष्णवर्णीय पोरांनी एकमेकांचे घेतलेले जीव; शिकागोत मेलेल्यांचा आकडा इराकमधल्या सैनिकांच्या आकड्याशेजारी ठेवलेला. मध्येच ठेका पालटतो, मेजवानीचा झगमगाट येतो. तिथे ब्रुकलिनच्या मार्सी या सरकारी वसाहतीत वाढलेला जे-झी आजूबाजूला पाहतो, तर जितकं वर जावं तितके आपल्या रंगाचे चेहरे कमी. याला माज कसं म्हणायचं?

टीकेला जागा जरूर आहे. 'ओटिस'च्या व्हिडिओत मायबाख ही महागडी गाडी करवतीनं कापलेली मलाही खुपली. त्या वर्षी अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांमध्ये बेकारी १५ टक्क्यांच्या वर होती. काही गाण्यांत बाईविषयी जी भाषा आहे, तीही मला मान्य नाही. लेखकानं यावर लिहिलं असतं तर मी आनंदानं सहमत झालो असतो.

त्यांनी 'मर्डर टू एक्सलन्स' एकदा सलग, ठेका पालटतो त्याच्याही पुढे ऐकावं आणि पुन्हा लिहावं, ही विनंती. मी वाट पाहतो.

आपला,
एक नियमित वाचक, सोलापूर